मासा कानाने धरायचा

फोनवर माइनक्राफ्ट हा ठोकळ्यांच्या जगातला खेळ खेळणाऱ्याला लढाई जमायला फार वेळ लागतो. डाव्या अंगठ्याने चालायचं, उजव्याने इकडेतिकडे बघायचं, त्याच उजव्याने तलवार मारायची, आणि हे जुळेपर्यंत क्रीपर नावाचा स्फोटक शत्रू मागून येऊन फुटलेलाही असतो. माऊसवाले मनगटाच्या एका हिसक्यात मागे वळतात. आपल्याला तेवढ्यासाठी अर्धी स्क्रीन बोटाने पुसावी लागते. त्यामुळे सर्व्हायव्हल मोडमध्ये (जिथे भूक लागते आणि मरणही येतं) ‘हे आपल्याला नीट जमतंय’ असं मला पहिल्यांदा वाटलं ते मासेमारी करताना. इथे बोटाला काम एकच. एक टॅप, गळ पाण्यात. दुसरा टॅप, गळ बाहेर. या दोन टॅपांच्या मधलं सगळं काम डोळ्यांचं, आणि माझ्या मते डोळ्यांपेक्षाही कानांचं.

मला या नादाला लावलं ते भाच्याने. आम्ही एकाच वाय-फायवर दोन फोन घेऊन एकाच जगात खेळतो. तो खाणीत उतरून हिरे शोधतो आणि मी वर बसून दोघांच्या जेवणाची सोय बघते, अशी वाटणी आपोआपच झाली. नव्या जगात पहिला प्रश्न पोटाचाच असतो. भुकेची पट्टी १० तंगड्यांची, म्हणजे खेळाच्या हिशेबात २० गुणांची. ती ६ किंवा त्याखाली गेली की धावता येत नाही, आणि १८च्या खाली असली की जखमा आपोआप भरून येत नाहीत. गायी मिळाल्या तर उत्तमच, पण टचस्क्रीनवर पळणाऱ्या गायीच्या मागे लागणं हा वेगळाच व्यायाम आहे. शेती करायची तर पीक येईपर्यंत थांबा. मासा मात्र पहिल्या-दुसऱ्या दिवसापासून मिळतो. शिवाय एका जागी उभं राहून गळ टाकत बसलं तर भूक जवळपास खर्चच होत नाही. धावणं, उड्या मारणं, खणणं, मारामारी यांनी पट्टी उतरते. नुसत्या उभं राहण्याने नाही.

फिशिंग रॉडला ३ काठ्या आणि २ दोरे लागतात. काठ्यांचं काही नाही, एक झाड तोडलं की झालं. दोऱ्याला मात्र कोळी लागतो, आणि एक कोळी मारला की ० ते २ दोरे पडतात. म्हणजे कधीकधी मारूनही हात रिकामाच.

‘‘मावशी, दोऱ्यासाठी रात्री बाहेर पडू नकोस,’’ भाचा म्हणाला होता. ‘‘उजाडू दे. झोंबी आणि स्केलेटन उन्हात जळतात, कोळी जळत नाही. तो तिथेच फिरत असतो आणि आपण मारल्याशिवाय अंगावर येत नाही.’’

फोनवाल्यांसाठी हा सल्ला फार मोलाचा आहे. सकाळी मोकळ्या गवतावर एखादा कोळी निवांत हिंडत असतो. त्याच्या जवळ जाऊन, नीट नेम धरून, पहिला वार आपल्या सवडीने करता येतो. रात्री तोच कोळी उडी मारून अंगावर येतो आणि बोटांची तारांबळ उडते. जुन्या खाणींमध्ये जाळी मिळतात, ती तलवारीने कापली तरी दोरा मिळतो. पण नव्या खेळाडूने त्यासाठी मुद्दाम खाणीत उतरू नये.

क्राफ्टिंग टेबलावर काठ्या तिरक्या लावायच्या, खालच्या डाव्या घरापासून वरच्या उजव्या घरापर्यंत. उजव्या बाजूच्या उरलेल्या दोन घरांत दोरे. फोनवर एवढंही करावं लागत नाही: सामान जवळ असेल तर रेसिपीच्या यादीत रॉडचं चित्र उजळतं, त्यावर बोट ठेवलं की काम झालं. आणि इथे फोनवाल्यांचा एक फायदा आहे, जो बऱ्याच जणांना माहीत नसतो. कॉम्प्युटरवरच्या जावा एडिशनमध्ये रॉड ६४ वापरांत संपतो. फोनवर चालते ती बेडरॉक एडिशन, आणि तिच्यात तोच रॉड ३८४ वापर टिकतो. एका माशाला सरासरी वीस सेकंद धरली तर एक साधा रॉड दोनेक तास चालतो. या खेळातली मासेमारी फोनवर आली २०१५ साली, पॉकेट एडिशनच्या ०.११.० आवृत्तीत, होड्याही त्याच आवृत्तीत आल्या. त्यामुळे इंटरनेटवरच्या जुन्या माहितीत या दोन एडिशन्सची सरमिसळ असते. एखादा आकडा आपल्या खेळाशी जुळला नाही तर आधी तो कुठल्या एडिशनचा आहे ते बघावं.

आता जागा. नवीन माणूस हमखास असं पाणी शोधतो ज्यात मासे पोहताना दिसतात. मीही नदीत सामन दिसले म्हणून तिथे बसणार होते, तर भाचा हसायला लागला. पोहणाऱ्या माशांचा आणि गळाला लागणाऱ्या माशांचा काहीएक संबंध नाही. दिसणारे मासे हे वेगळे जिवंत प्राणी आहेत. २०१८च्या अ‍ॅक्वाटिक अपडेटने ते पाण्यात सोडले. त्यांना तलवारीने मारता येतं, बादलीत भरता येतं, पण ते तुमच्या गळाकडे ढुंकूनही बघत नाहीत. गळाला काय लागायचं ते खेळ आतल्या आत ठरवतो. म्हणजे समोरचं तळं अगदी रिकामं दिसलं तरी मासा मिळणारच. (उलट, दिसणारे मासे घाईच्या वेळी कामाला येतात. भूक अगदी तळाला गेली असेल तर गळ टाकून वाट बघण्यापेक्षा उथळ नदीत उतरून दोन सामन मारणं लवकर होतं.)

दोन गोष्टी मात्र पाहाव्या लागतात. बॉबर, म्हणजे गळाच्या दोरीचा तरंगता गोळा, जिथे पडतो तिथे वर मोकळं आकाश हवं. गुहेतल्या किंवा छताखालच्या पाण्यात मासा लागायला बराच जास्त वेळ लागतो. दुसरं म्हणजे पाणी जरा ऐसपैस असावं. जावामध्ये २०२०च्या १.१६ अपडेटपासून बॉबरभोवती ५ बाय ५ इतकं मोकळं पाणी असल्याशिवाय खजिना, म्हणजे माशाऐवजी क्वचित लागणाऱ्या मौल्यवान वस्तू, मिळतच नाही. चिमुकल्या डबक्यात यंत्र लावून झोपी जाणाऱ्यांचा बंदोबस्त खेळ बनवणाऱ्यांनी असा केला. मी दोन्हीकडे चालेल अशीच जागा धरते: तळ्याचा किंवा समुद्राचा काठ, समोर मोकळं पाणी, तेही दोन-तीन ठोकळे खोल.

माझी बैठक ठरलेली आहे. काठावरचा एक ठोकळा खणून त्या खाचेत उतरायचं, पाठीमागे आणि दोन्ही बाजूंना दोन ठोकळे उंच भिंत, डोक्यावर छप्पर, समोर फक्त पाण्याकडे उघडी फट. आत एक मशाल, बाहेर काठावर चार मशाली. छप्पर माझ्या डोक्यावर असतं, बॉबरवर नाही, त्यामुळे वेळ वाढत नाही. स्केलेटनचे बाण मागून लागत नाहीत, क्रीपरला मी दिसत नाही. धोका उरतो तो पाण्यातून येणाऱ्या ड्राऊन्डचा. हे बुडालेले झोंबी रात्री काठावर चढतात, काहींच्या हातात त्रिशूळ असतो आणि तो ते लांबून फेकतात. क्वचित एखाद्याच्या हातात चक्क गळ असतो. समोरच्या फटीत खाली अर्धा ठोकळा लावला तर वरून गळ टाकता येतो आणि आत कुणी सहज शिरत नाही. कुणाला हे भ्याडपणाचं वाटेल. माझं म्हणणं, ज्याला फोनवर स्केलेटनशी समोरासमोर लढायची हौस आहे त्याने खुशाल उघड्यावर बसावं.

गळ टाकताना नजर किती वर ठेवली त्यावर बॉबर किती लांब जाईल ते ठरतं. फार लांब टाकण्यात अर्थ नाही. पाच-सहा ठोकळ्यांवर पडला की बॉबर लहान स्क्रीनवरही स्पष्ट दिसतो आणि मासा ओढल्यावर थेट आपल्याकडे उडत येतो. लांबून ओढलेली वस्तू कधीकधी वाटेतच पाण्यात पडते आणि मग ती आणायला पोहत जावं लागतं. सेटिंगमध्ये टच नियंत्रणाचे प्रकार आहेत. मला जॉयस्टिक आणि मध्यभागी क्रॉसहेअर (नेमाची खूण) हा प्रकार मासेमारीला बरा वाटतो, कारण मग स्क्रीनवर कुठेही टॅप केलं तरी नेम हलत नाही. टॅप स्क्रीनच्या उजव्या वरच्या बाजूला करावा. खाली हॉटबार, म्हणजे हाताशी असलेल्या वस्तूंची पट्टी असते, आणि बोट तिथे घसरून दुसरी वस्तू हातात आली की गळ तत्क्षणी परत येतो, वाट बघितलेली सगळी वाया. बॉबर पाण्यात ठेवून फिरायला निघालात तरी तेच: ३२ ठोकळ्यांच्या पलीकडे दोरी टिकत नाही.

आणि मग वाट बघायची. साध्या रॉडला ५ ते ३० सेकंद लागतात. बाहेरच्या माणसाला ही मासेमारी कंटाळवाणी वाटते ती इथेच. पण या वेळात पाण्यावर एक छोटं नाटक चालू असतं. आधी बॉबर नुसता डुलतो. हे डुलणं फसवं आहे. प्रत्येक डुलण्याला बोट उचलणाऱ्याच्या हाती काहीच लागत नाही, आणि गळ बाहेर आला की पुन्हा पहिल्यापासून वाट बघणं आलं. मग बॉबरपासून काही अंतरावर पाण्यावर बुडबुड्यांची एक रेघ उमटते. ती सरळ येत नाही, वळणं घेत येते, कधी डावीकडून, कधी पाठीमागून फिरून. ही रेघ म्हणजे येणारा मासा. ती दिसली की अंगठा स्क्रीनवर नेऊन ठेवायचा, पण टेकवायचा नाही. रेघ बॉबरला येऊन भिडते, बॉबर झटकन खाली जातो, पाणी उडतं, आणि ‘छपाक्’ असा आवाज येतो. आता जेमतेम सेकंदभर हातात आहे. टॅप.

सुरुवातीला मी सगळी भिस्त रेघेवर ठेवायचे. पण फोनची स्क्रीन केवढीशी, त्यावर दुपारचा उजेड, आणि पाण्याचा रंग बुडबुड्यांच्या इतका जवळचा की डोळे फाडून बघावं लागतं. संध्याकाळच्या प्रकाशात तर रेघ दिसतच नाही. भाच्याच्या लक्षात आलं, की मी फोन नाकाजवळ धरून बसते.

‘‘मावशी, बघतेस कशाला? ऐक ना!’’

मग त्याने माझ्या फोनची आवाजाची सेटिंग उघडून दाखवली. तिथे एकच आवाज नसतो. संगीत, ठोकळे, शत्रू, हवामान अशा वेगवेगळ्या पट्ट्या असतात आणि प्रत्येक पट्टी वेगळी कमी-जास्त करता येते. संगीत पूर्ण बंद केलं. इअरफोन लावला. त्या दिवसापासून माझी मासेमारी बदलली. ‘छपाक्’ इतका ठळक ऐकू येतो, की नजर दुसरीकडे असली तरी बोट आपोआप पडतं. रेघ पाहायची गरजच उरत नाही. दिसली तर सावध व्हायला मदत होते, एवढंच. ज्याला लांबचं किंवा बारीक दिसत नाही अशा माणसानेही हा खेळ बिनदिक्कत खेळावा.

कानाला अडचण एकाच वेळी येते, आणि ती नेमकी सगळ्यात चांगल्या वेळी. पाऊस पडत असला की मासे लवकर लागतात. सरासरी पाचव्या हिश्शाने वेळ वाचतो. पण पावसाचा आवाज ‘छपाक्’वर बसतो, आणि पावसाचे थेंब पाण्यावर इतके ठिपके उठवतात की बुडबुड्यांची रेघही त्यात हरवते. डोळे आणि कान दोन्ही एकदम अधू. त्यावर उपाय हवामानाच्या पट्टीतच आहे. ती पट्टी शून्यावर आणली की पाऊस पडतो, पण बिनआवाजाचा. मासे पावसाळी वेगाने येतात आणि ‘छपाक्’ स्वच्छ ऐकू येतो. शत्रूंच्या आवाजाची पट्टी मात्र कधीही कमी करू नये. ड्राऊन्डचं गुरगुरणं हीच आपली पहाऱ्याची घंटा. धबधब्याशेजारी किंवा जळत्या भट्टीजवळही बसू नये, कारण ते आवाज कानाला गुंतवून ठेवतात.

गळाला काय लागतं? साध्या रॉडवर शंभरात साधारण ८५ वेळा मासा, १० वेळा भंगार, ५ वेळा खजिना. माशांमध्ये ६० टक्के कॉड, २५ टक्के सामन, १३ टक्के पफरफिश, आणि २ टक्के रंगीत ट्रॉपिकल मासा. कॉड आणि सामन कच्चे खाल्ले तर भुकेचे २ गुण भरतात, भाजल्यावर कॉडचे ५ आणि सामनचे ६. गायीच्या भाजलेल्या मांसाचे ८ भरतात हे खरं, पण गाय संपते, तळं संपत नाही. भट्टीत एक मासा १० सेकंदांत भाजतो, स्मोकरमध्ये ५ सेकंदांत. मी काठावर कॅम्पफायर ठेवते: एका वेळी ४ मासे, ३० सेकंद, आणि सरपण काही लागत नाही. दोन-तीन मासे धरेपर्यंत आधीचे चार तयार.

पफरफिश हा गोल काटेरी मासा खाऊ नये. विष, भूक आणि भोवळ तिन्ही एकदम होतात. भुकेसाठी खाल्लेला मासा उलटा भूक वाढवतो. पण फेकूही नये. पाण्याखाली श्वास घेता येण्याचं औषध याच माशापासून बनतं. मी त्यांचा एक वेगळा पिंप भरून ठेवलाय, म्हणजे भाच्याचा हात चुकून त्यावर पडायला नको.

भंगारातही सगळं टाकाऊ नसतं. चामडं मिळतं, त्याची पुस्तकं होतात. हाडांचं खत होतं. दोरे मिळतात, म्हणजे पुढचा रॉड. शाईच्या पिशव्या, पाण्याची बाटली, वाडगं, काठी, झिजलेले चामड्याचे बूट, सडकं मांस असलंही येतं. बूट आले की भाचा ओरडतो, ‘‘मावशी, जोडी पूर्ण झाली का?’’

खजिन्यात धनुष्य, जादूचं पुस्तक, जादूचा रॉड, नावाची पट्टी, खोगीर आणि नॉटिलसचा शिंपला. खोगीर आता ३ चामडी आणि १ लोखंडी विटेत घरीच बनतं, २०२५च्या अपडेटपासून. त्याआधी ते बनवताच येत नव्हतं, म्हणून गळाला खोगीर लागलं की जल्लोष व्हायचा. आता त्याचं तेवढं कौतुक राहिलं नाही. मला जादूची पुस्तकं महत्त्वाची वाटतात. पण इथे थोडं गणित करावं. खजिना ५ टक्के, त्यात सहा प्रकार, म्हणजे पुस्तक शंभरात एकदाही धड येत नाही. त्यातही आपल्याला हवं तेच पुस्तक यायचं म्हणजे आणखी दुर्मीळ. व्हिडिओत लोक ‘मेन्डिंग (वस्तू आपोआप दुरुस्त करणारी जादू) मिळवा मासेमारीतून’ म्हणतात. मिळतं, नाही असं नाही. पण मेन्डिंगच्याच मागे असाल तर गावातल्या ग्रंथपालाशी सौदा जमवणं जास्त शहाणपणाचं. मासेमारी करावी ती माशांसाठी आणि अनुभवाच्या गुणांसाठी. खजिना आला तर आला.

अनुभवाचे गुण मात्र भरवशाचे. प्रत्येक वेळी, मासा असो की बूट, १ ते ६ गुण मिळतात. शून्यापासून तिसाव्या पातळीला पोचायला एकूण १,३९५ गुण लागतात, म्हणजे साडेतीनची सरासरी धरली तर चारशेच्या आसपास मासे. ऐकायला फार वाटतं. पण त्यात एकदाही मरण्याची भीती नाही, आणि मेलं की गुण जातात हे लक्षात घेतलं तर हा रस्ता लांबचा असला तरी खात्रीचा आहे. भाचा खाणीत एका फेरीत माझ्याहून जास्त गुण मिळवतो आणि लाव्हात पडून सगळे घालवतो. आठवड्याच्या शेवटी पुढे कोण असतं ते मी सांगत नाही, तो नाराज होतो.

हे गुण रॉडवरच खर्च करावेत. जादूच्या टेबलावर किंवा ऐरणीवर पुस्तक लावून रॉडला चार कामाच्या जादू देता येतात. ल्युअरने वाट बघण्याचा वेळ कमी होतो, पातळीमागे सुमारे ५ सेकंद. लक ऑफ द सीने भंगार घटतं आणि खजिना वाढतो. तिसऱ्या पातळीला ५चे जवळपास ११ टक्के होतात. अनब्रेकिंगने झीज कमी होते. आणि मेन्डिंग असेल तर मिळालेल्या गुणांतून रॉड स्वतःच दुरुस्त होतो, एका गुणाला दोन वापर या दराने. मासा धरायला एक वापर खर्च, आणि परतावा कमीत कमी दोन. त्या रॉडला मरण नाही. मला विचाराल तर पहिली जादू ल्युअर असावी. लोक आधी नशिबाच्या मागे लागतात, पण निम्म्या वेळात मासा लागू लागला की मासे, गुण आणि खजिना तिन्ही वाढतात.

खजिन्यात येणारे रॉड झिजलेले असतात पण त्यांच्यावर जादू असते. असे दोन रॉड ऐरणीवर एकत्र करता येतात. जादूही जुळतात, आयुष्यही वाढतं. ऐरण स्वस्त नाही, ३१ लोखंडी विटा लागतात, ती जबाबदारी मी खाणवाल्यावर टाकली. ऐरणीवर एकाच वस्तूवर पुन्हा पुन्हा काम केलं की दर वेळी किंमत चढत जाते आणि शेवटी खेळ ‘फार महाग’ म्हणून नकार देतो. म्हणून पुस्तकं आधी आपापसांत जोडून घ्यावीत आणि मग ती रॉडला लावावीत.

या बैठकीत एक गोष्ट विसरायला होते ती झोप. खेळातला एक दिवस २० मिनिटांचा. रात्र झाली तरी खाचेत सुरक्षित वाटतं, मासे लागत असतात, आणि झोपायला उठवत नाही. तीन दिवस न झोपता गेले की रात्री आकाशातून फँटम झडप घालतात. छपराखाली ते पोचत नाहीत, पण बाहेर पडलं की येतात. यावर कॉडचाच उतारा आहे. गावात भटक्या मांजरी असतात. हातात कच्चा कॉड किंवा सामन धरून हळूहळू जवळ जायचं, अचानक वळायचं नाही, आणि ती स्वतःहून आली की खायला घालायचं. काही मासे खर्ची पडले की ती माणसाळते. मांजर जवळ असली की फँटम फिरकत नाही आणि क्रीपरही पळ काढतो. माझ्या बैठकीच्या भिंतीवर एक करडी मांजर कायमची बसवली आहे.

मासे फार झाले की गावातल्या मच्छीमाराकडे न्यावेत. ज्या बेरोजगार गावकऱ्याशेजारी पिंप ठेवाल तो मच्छीमार होतो. आधी तो दोरे आणि कोळसा घेतो, थोडा व्यवहार वाढला की १५ कच्च्या कॉडला एक पाचू देतो. म्हणून सगळेच मासे भाजून ठेवू नयेत. हे मला भाच्याने सांगितलं तोवर आमच्याकडे भाजलेल्या कॉडचे दोन पिंप भरले होते, ते आम्ही पुढे कितीतरी दिवस खात होतो.

कच्चे मासे राखायचं आणखी एक कारण म्हणजे डॉल्फिन. समुद्रात डॉल्फिनला कच्चा मासा दिला की तो पुढे पोहत जातो आणि जवळच्या बुडालेल्या जहाजाकडे किंवा पाण्याखालच्या अवशेषांकडे नेतो. जहाजात बहुतेक वेळा पुरलेल्या खजिन्याचा नकाशा असतो, आणि त्या पुरलेल्या पेटीत हार्ट ऑफ द सी असतंच. ती वस्तू गळाला कधी लागत नाही. ती आणि गळाला लागलेले ८ नॉटिलसचे शिंपले एकत्र केले की कॉन्ड्युइट बनतो. प्रिझमरीन या समुद्री दगडाच्या चौकटीत तो बसवला की आसपासच्या पाण्यात श्वास संपत नाही. माझ्याकडे पाच शिंपले जमले आहेत. नकाशा भाच्याकडे आहे आणि फावडंही त्याच्याकडेच, पण उरलेले तीन शिंपले येईपर्यंत तो मला रोज विचारतो, ‘‘मावशी, आज काय लागलं?’’ काल बूट लागले.